नामंजूर लॉट

कारखान्यात तिला सगळे खटकाबाई म्हणत. अर्थात पाठीमागे, तोंडावर नुसतं 'बाई'. एकोणीस वर्षं ती चाचणीच्या खोलीत बसत होती आणि त्या खोलीतून दिवसभर एकच आवाज बाहेर यायचा, खट, खट, खट. सर्किट ब्रेकरचा खटका पडल्याचा. वायरीला झेपेल त्यापेक्षा जास्त वीज वाहायला लागली की ब्रेकरने आपणहून पडायचं आणि वीज तोडायची, एवढंच त्याचं काम. तो पडतो की नाही आणि वेळेत पडतो की नाही, हे बघायचं काम तिचं.

पूर्वी हे ब्रेकर याच कारखान्यात तयार होत. खालच्या मोठ्या हॉलमध्ये दीडशे बायका लांबलचक टेबलांशी बसून स्क्रू पिळत, स्प्रिंगा बसवत आणि आपापल्या सासवांचा उद्धार करत. मग सरकारने आयातीवरचं शुल्क उतरवलं. समुद्रापलीकडून अख्खा तयार ब्रेकर ज्या भावात दारात येऊन पडायला लागला, त्या भावात इथे आतलं तांबंसुद्धा मिळत नव्हतं. मालकांनी सहा महिने कळ काढली आणि एका शनिवारी हॉलमधले दिवे बंद केले. दीडशेतल्या चौदा बायका उरल्या, त्या बाहेरून आलेल्या मालाला कारखान्याचं लेबल चिकटवण्यापुरत्या. चाचणीची खोली मात्र राहिली, कारण आयात केलेला माल तपासून कुणीतरी सही केल्याशिवाय तो बाजारात उतरवता येत नव्हता. त्या कुणीतरीचा परवाना तिच्या नावावर होता.

नोकरी लावून दिली होती भावोजींनी. भावोजी म्हणजे तिच्या थोरल्या बहिणीचे यजमान. आयात-निर्यातीचे सगळे कागद त्यांच्या हातून जात. तिचा नवरा अचानक गेला तेव्हा महिन्याच्या आत भावोजींनी तिला मालकांसमोर नेऊन उभं केलं होतं, आणि आपल्याच इमारतीत, एक मजला खाली, भाड्याची खोलीही बघून दिली होती. सकाळी दोघं एकाच बसने जात. ती आधी चढून त्यांच्यासाठी खिडकीची जागा धरायची आणि ते बसता बसता रोज न चुकता म्हणायचे, "अनंत उपकार." भावोजींच्या जवळ विनोद तेवढा एकच होता.

त्या वर्षीचा चौथा कंटेनर आला तो अकरा हजार ब्रेकरचा. पुरवठादार नवा होता, आधीच्यापेक्षा स्वस्त. तिने नेहमीप्रमाणे वेगवेगळ्या खोक्यांतून चाळीस नग काढले आणि एकेक जोडायला घेतला. सोळा अँपियरच्या ब्रेकरमधून चाळीस-एक अँपियर सोडले की मिनिटाच्या आत खटका पडायला हवा. पहिला पडला. दुसरा पडला. तिसरा पडेचना. ती घड्याळाकडे बघत राहिली. एक मिनिट, दीड, दोन. तिसऱ्या मिनिटाला जळक्या प्लास्टिकचा वास सुटला आणि ब्रेकरची कड मेणासारखी खाली झुकली. तिने हाताने वीज बंद केली.

चाळीसपैकी तेरा उशिरा पडले. चार पडलेच नाहीत.

त्यातला एक तिने कापून उघडला. ब्रेकरच्या आत एक पट्टी असते. ती तापून वाकली की खटका सुटतो. इथली पट्टी पत्र्याच्या कात्रणासारखी होती. ठिणगी विझवायला पातळ पत्र्यांची चळत असते. नऊ पत्रे हवेत, इथे चार होते, आणि उरलेली जागा पुठ्ठ्याने भरली होती. पुठ्ठा! तिला आधी हसूच आलं.

मालक स्वतः खोलीत आले. रागावले की आवाज चढवण्याऐवजी उतरवणारा माणूस.

"बाई, दुसरे चाळीस काढा."

"काढले, साहेब. त्यातले पंधरा गेले."

"मग तिसरे काढा."

"साहेब, अकरा हजार संपेपर्यंत काढत बसले तरी ओळीने चाळीस चांगले मिळायचे नाहीत."

मालकांनी तो कापलेला ब्रेकर उचलला, नखाने पुठ्ठा उचकटून पाहिला आणि परत ठेवला.

"म्हणजे तुम्ही सही करणार नाही."

"नाही."

एकोणीस वर्षांत तिने त्यांना नाही म्हटलं नव्हतं. म्हटलं आणि टेबलाची कड धरून ठेवली.

"बरं," मालक इतकंच म्हणाले. "नाही तर नाही."

तिने अहवालावर लाल शाईने 'नामंजूर' लिहिलं. संध्याकाळी बहिणीकडे चहा पिताना सगळी हकिगत दोनदा सांगून झाली. बहीण कौतुकाने म्हणाली, "मालकाच्या तोंडावर नाही म्हणालीस? लहानपणी तर दुकानदाराने सडका कांदा दिला तरी निमूट घेऊन यायचीस!" दोघी खूप हसल्या. भावोजी मात्र बशीतला चहा संपवून आत निघून गेले. दिवसभर उन्हात बंदरावर उभे होते, दमले असतील, असं बहीण म्हणाली.

त्यानंतर तीन आठवडे ती ताठ मानेने वावरली. इथल्या कुणाच्या घरात, कुणाच्या पाळण्यामागच्या भिंतीत तो ब्रेकर बसणार नव्हता, आणि ते तिच्यामुळे.

मग एका दुपारी ती खालच्या हॉलमध्ये रिकामी खोकी मागायला गेली. तिथे चौदाही बायका कामाला लागल्या होत्या. टेबलांवर ओळखीचे ब्रेकर, फिकट करड्या रंगाचे. त्यांवर कारखान्याचं जुनं लेबल चढत होतं, पूर्वी इथेच बनवलेल्या मालाला लावत ते.

"हे परत जातायत ना?" तिने शेवटच्या टेबलावरच्या उंच बाईला विचारलं. तिला सगळ्या शिडी म्हणत.

"परत?" शिडी दाताने चिकटपट्टी तोडत म्हणाली. "परत कुठले जातायत बाई, पुढे जातायत." आणि तिने खोक्याकडे बोट दाखवलं. खोक्यावर दुसऱ्याच एका देशाचं बंदर छापलं होतं.

ती तशीच जिना चढून भावोजींच्या टेबलाशी गेली. त्यांनी तिच्या चेहऱ्याकडे पाहिलं, टेबलाचा खण उघडला आणि एक कागद तिच्यापुढे सरकवला. निर्यातीसाठी लागणारं चाचणीचं प्रमाणपत्र. सगळे नग उत्तीर्ण. खाली सही तिची.

"ही सही मी केलेली नाही."

"केलीयेस. आपला स्वतःचा शेवटचा लॉट निघाला तेव्हाची आहे. मी लॉटचा नंबर आणि तारीख तेवढी बदलली."

"भावोजी!"

"हळू बोल. बस आधी."

ती बसली नाही.

"मालक तुला त्याच दिवशी काढणार होते," भावोजी म्हणाले. "सही करणारा दुसरा माणूस हेरूनही ठेवला होता. त्याचा परवाना निघाला की हा सगळा माल इथेच विकला गेला असता. मीच म्हटलं, इथे नको, बाहेर पाठवू. त्या देशात बंदरावर कुणी काही तपासत नाही. माल बुडत नाही, चौदा बायका घरी जात नाहीत, आणि तुलाही कुणी खोटी सही कर म्हणून गळ घालत नाही. तुझी नोकरी राहिली, तुझा शब्दही राहिला. अजून काय करायला हवं होतं मी?"

"तिकडे घरं नाहीत का?"

भावोजींनी चष्मा काढला आणि शर्टाच्या टोकाने पुसत बसले. काच आधीच स्वच्छ होती.

रविवारी सकाळी तिने ईमेल लिहायला घेतला. खोक्यावर खरेदीदाराचा पत्ता होता, तो तिने हातावर टिपून आणला होता. चाळीस नग, तेरा उशिरा, चार मुळीच नाही, प्रमाणपत्र जुनं, हा माल बसवू नका. ती लिहीत असताना बहीण खाली आली. हातात झाकलेली वाटी होती, सुट्टीच्या दिवशी काही केलं की ती आणून द्यायची. फोन टेबलावरच होता. बहिणीने उभ्या उभ्या वाचलं.

"हे पाठवलंस तर ह्यांच्या नावावर येईल," ती म्हणाली. "कागद ह्यांनी केलाय."

"ताई, माणसं जळतील गं."

"कुठली माणसं? नाव सांग एकाचं." बहिणीचा आवाज फुटला. "तुझा नवरा गेला तेव्हा कोण आलं होतं? ती माणसं आली होती का?"

बहीण वाटी ठेवून जिना चढून गेली. वरचं दार लागल्याचा आवाज आला तेव्हा तिने ईमेल पाठवला. पाठवून टाकला म्हणायला हवं. अजून दोन मिनिटं विचार केला असता तर हात धजला नसता.

उत्तर पाच आठवड्यांनी आलं. ते इतकं सभ्य होतं की आधी तिला वाटलं, बरं झालं, माणूस ऐकणारा आहे.

'आपले आकडे बरोबर आहेत,' त्याने लिहिलं होतं. 'मी स्वतः पन्नास नग तपासले. अठरा गेले. मला तपासता येतं, कारण पूर्वी मी ब्रेकरचा कारखाना चालवायचो. साठ माणसं होती. आठ वर्षांपूर्वी आपल्या कंपनीचा माल आमच्या देशात यायला लागला. माल उत्तम होता आणि आमच्यापेक्षा स्वस्त होता. दोन वर्षांत मी कारखाना बंद केला आणि तुमचाच माल विकायला लागलो. प्रत्येक खोक्यात आपल्या सहीचं प्रमाणपत्र असायचं, म्हणून आपलं नाव मला चांगलं ठाऊक आहे. आताचा माल वाईट आहे, पण सध्या आमच्याकडे जो येतो त्यात सर्वांत वाईट नाही. तो विकला गेला आहे. पुन्हा लिहू नये. आपण पाठवणं थांबवलंत तर मला याहून वाईट माल घ्यावा लागेल.'

तिने ते तीनदा वाचलं. ते वर्ष तिला नीट आठवत होतं. निर्यातीची पहिली मोठी ऑर्डर होती. हॉलमधल्या बायकांनी टाळ्या वाजवल्या होत्या आणि ती चार दिवस जेवायची सुट्टीसुद्धा न घेता खटके पाडत बसली होती, एकही नग वाया जाऊ नये म्हणून. एकही गेला नव्हता. त्या चांगल्या मालाने साठ घरांचं काय केलं, हे तिला आज कळत होतं.

पण तो माणूस तेवढ्यावर थांबला नव्हता. तिचा ईमेल त्याने मालकांना पाठवला आणि पुढच्या लॉटला भाव उतरवून मागितला.

मालकांनी तिला आणि भावोजींना बोलावलं. आवाज इतका खाली गेला होता की पंख्याच्या घरघरीत निम्मे शब्द ऐकूच येत नव्हते.

"बाई, तुम्हाला मी काढत नाही. परवाना तुमच्या नावावर आहे, नवा निघायला चार महिने लागतात आणि तोवर माझे कंटेनर बंदरात पडून राहतील. पण प्रमाणपत्रात खाडाखोड झालीये हे आता बाहेर माहीत झालंय. कुणीतरी गेलेलं दिसलं पाहिजे."

भावोजी उभे होते. हे तुमच्याच होकाराने झालं, असं ते म्हणू शकले असते. त्यांनी विचारलं, "या महिन्याचे कागद पुरे करून जाऊ?"

"नको. आजच."

"मग मीही जाते," ती म्हणाली.

"जा," मालक म्हणाले. "चार महिने मी सोसेन. पण नंतर तुमच्या खुर्चीत जो येईल, तो कशाला नाही म्हणणार आहे, सांगा."

तिने भावोजींकडे पाहिलं. त्यांनी मान हलवली, नको अशी. मग ते आपल्या टेबलाकडे गेले आणि खणातून डबा, छत्री आणि वहाणांचा जुना जोड काढून पिशवीत भरायला लागले. पंचवीस वर्षांचं सामान एका पिशवीत मावलं.

ती राहिली. राहिली हे बरोबर केलं की चूक, ते तिला कधी ठरवता आलं नाही. सकाळच्या बसमध्ये आता खिडकीशी ती स्वतः बसायची आणि बाहेर बघायची. वाटी घेऊन खाली येणं बहिणीने बंद केलं. जिन्यात समोरासमोर आल्या तर बहीण भिंतीला लागून वाट द्यायची, परक्या बाईला देतात तशी.

त्या अकरा हजारांचं तिकडे काय झालं, हे तिला कळलं नाही. कळण्याचा मार्गच नव्हता. जगात कुठेही आग लागल्याची बातमी असली की ती शेवटपर्यंत वाचायची, आणि कारण दिलेलं नसायचं. कामात तिने एकच बदल केला. सही करताना ती आता लॉटचा नंबर आणि तारीख अक्षरांत लिहायची, आणि सही त्या अक्षरांवरून ओढत न्यायची, म्हणजे एक खोडायला जावं तर दुसरं फाटावं. नवीन आलेल्या कागदवाल्याने विचारलं, "बाई, एवढं कशाला?" ती म्हणाली, "माझं अक्षर चांगलं आहे म्हणून."

पावणेदोन महिन्यांनी पुढचा कंटेनर आला. पुरवठादार वेगळा होता. चाळीस नग, चाळीस खटके, सगळे वेळेत. तिला आनंद झाला नाही; नुसती पाठ मोकळी झाली.

संध्याकाळी घरी येताना भावोजी जिन्यात भेटले. एवढ्या दिवसांत दाढी पांढरी झाली होती. हातात दुधाची पिशवी होती. ते एका पायरीवर थांबले, ती खालच्या पायरीवर.

"कंटेनर आला म्हणे," ते म्हणाले. "कसा होता?"

"चांगला होता, भावोजी. सगळे पडले."

"बंदरात किती दिवस अडकला?"

"नऊ."

"नऊ?" त्यांच्या कपाळावर आठी आली. "नऊ कशाला लागतात? मी चारात सोडवायचो. जकातीचा कागद आधी द्यायचा असतो, मग मालाची यादी. उलटं केलं असेल त्याने."

"उद्या सांगते त्याला."

"सांग. माझं नाव नको घेऊस, पण सांग."

वरून बहिणीची हाक आली, "दूध आणलंत का?" नुसती त्यांनाच. भावोजींनी पिशवी या हातातून त्या हातात घेतली, आणि कठड्याला धरून हळूहळू वर गेले.