मळका हात आणा

मित्रांनो, मी एका लाँड्रीच्या तळघरातला जुना ओंडका आहे. इतर जुन्या वस्तू आपली कहाणी कशा निवांत सांगतात! मला तेवढी उसंत नाही. माझ्या हातात फक्त आजची सकाळ आहे, म्हणून पटापट सांगतो. तुम्ही मात्र नीट ऐका.

मी जंगलात वाढलो आणि एका वादळात आडवा झालो. मला कापून इथे आणलं. या ओलसर जागेत माझ्या अंगावर पांढरी बुरशी धरली. तिचे धागे माझ्यातून जमिनीत उतरले आणि गल्लीतल्या प्रत्येक तळघरातल्या ओंडक्यापर्यंत पोचले. लोक त्याला जाळं म्हणतात. कुणाचं शरीर पार थकलं, की घरचे त्याला खाली आणतात. माझ्या पाठीवर एक खोलगट जागा आहे, तिथे त्याचा पंजा ठेवतात आणि शेजारी बसून रोजच्याच गप्पा मारतात. धागे बोटांवर चढतात आणि बोलता बोलता माणसाचं मन जाळ्यात उतरतं. पुढे घरच्यांनी तिथे हात ठेवला, की आपलं माणूस त्यांना ऐकू येतं.

आम्हा ओंडक्यांवर पाणी शिंपडायला एक म्हातारे गृहस्थ यायचे. त्यांना सगळे ओलावाले काका म्हणत. प्रत्येक घराला ते दटावून सांगायचे, "हात धुऊन आणू नका, मळका आणा. बुरशी माणसाला मळावरून ओळखते." खरंच होतं ते. शिंप्याच्या बोटांचं मशीनचं तेल, बेकरीवाल्याच्या नखांतलं पीठ, सगळं मला ओळखीचं. माझा पायगुण चांगला, असंही लोक म्हणायचे. पाय नसलेल्या ओंडक्याचा पायगुण! पण मी आपला फुशारून जायचो.

वरची लाँड्री चालवणाऱ्या आईला जाळ्यात उतरवलं, तेव्हा तिच्या दोन मुलींपैकी थोरली जवळ होती. धाकटी हॉटेलच्या चादरी पोचवायला गेली होती. काकांचं मळक्या हाताचं बोलणं तिच्या कानावर पडलंच नाही. मग काका स्वतःच जाळ्यात उतरले.

थोरली इस्त्री करायची. तिच्या हाताला घाम असायचा, खळ असायची. तिला आई स्पष्ट ऐकू यायची. धाकटी दिवसभर ब्लीचच्या टाकीवर. तिचा हात टेकला, की माझे धागे होरपळून मागे सरत. आई आतून घसा फोडून हाका मारायची आणि बाहेर एक अक्षर पोचायचं नाही. शेवटच्या वेळी आपण नव्हतो म्हणून आईनं अबोला धरलाय, असं धाकटीनं मनाशी घेतलं. थोरलीनं विचारलं, "काय म्हणाली गं आई?" की ती म्हणायची, "तुझीच चौकशी करत होती." आणि बाथरूममध्ये जाऊन रडायची. ते रडणं पाइपातून माझ्यापर्यंत यायचं. मी काय करणार?

मग थोरलीला अर्धांगवायूचा झटका आला. वाचा गेली, डावी मूठ वळली ती वळलीच. धाकटीनं तिला पाठुंगळी घेऊन खाली आणलं. बरोबर टबही आणला.

"ताई, तिथे चार लोकांत जायचंय तुला. आईसमोर अशा हातांनी जाशील? लोक म्हणतील, लाँड्रीवाल्यांच्या घरात हात धुवायला कुणी नव्हतं."

तिनं ब्रश घेऊन थोरलीचा उजवा हात ब्लीचनं घासला. थोरलीला नियम माहीत होता. डोळे विस्फारून ती मान हलवत राहिली. धाकटीला वाटलं, ताई घाबरली. "मी आहे ना," म्हणत तिनं आणखी घासलं. डावी मूठ तिला उघडता आली नाही, म्हणून तेवढी राहिली.

उजवा हात ठेवताच माझे धागे जळले. थोरलीचा श्वास तुटत होता आणि माझ्या जिवाचं पाणी पाणी होत होतं. तेवढ्यात ती कलंडली आणि डावी मूठ माझ्या कडेला टेकली. होते नव्हते ते सगळे धागे मी तिकडे वळवले. मुठीच्या आत घाम होता, खळ होती. थोरली सुखरूप उतरली. धाकटीच्या धुतल्या हाताला मात्र ताईही ऐकू येईना. तिला वाटलं, ताई गेली ती गेलीच.

तेव्हापासून ती रोज येते. येण्याआधी हात आणखी कडक धुते, हात ठेवते, तासभर थांबते. रोज माझे थोडे धागे मरतात, आणि मायलेकींचा आवाज मला आणखी क्षीण ऐकू येतो. काल ती माझ्यावरून हात फिरवत म्हणाली, "या ओंडक्यावरच घाण साठलीय. त्यातच अडकली असेल माझी ताई. उद्या घासून लख्ख करते."

तो उद्या उजाडला आहे. ती बादली घेऊन जिना उतरते आहे. वासावरून कळतं, आज ब्लीच दुप्पट आहे. आतून थोरली ओरडते आहे, "अगं, नको! मी इथेच आहे!" आई ओरडते आहे, "मी रागावले नाही गं तुझ्यावर, कधीच नव्हते!"

धाकटी माझ्याशेजारी बसली. ब्रश बुडवला. "थांब हं ताई," ती अगदी मायेनं म्हणते आहे, "आता मोकळं करते तुला."

मित्रांनो, तुमच्यातलं कुणीतरी आत्ताच मातीत खेळून आलं असेल. या. माझ्यावर हात ठेवा, आणि आत या दोघी काय सांगताहेत ते तिला ऐकवा. पळत या. हात धुवायला थांबू नका.