काचेतल्या चिठ्ठ्या

"कोण तात्या? ठेवा फोन! पुन्हा केलात तर पोलिसांत देईन!"

तिसऱ्या गिऱ्हाइकानंही फोन कापला. तात्या हातातल्या फोनकडे बघत बसले. बत्तीस वर्षं लोकांची घड्याळं दुरुस्त केली, पण चोर म्हणवून घ्यायची पाळी आजच आली. तीही कधी, तर लोकांना चोरापासून सावध करताना!

दोष तरी कुणाला द्यायचा? करणी त्यांचीच. दुरुस्तीला आलेलं प्रत्येक घड्याळ ते रस्त्याकडच्या काचेच्या कपाटात टांगत आणि त्याला चिठ्ठी बांधत. चिठ्ठीवर नाव, फोन नंबर, काय बिघडलंय ते. काम झालं की लाल फुली. गिऱ्हाइकानं जाता-येता बाहेरूनच बघावं, आत येऊन विचारायची गरज नको. या सोयीचा तात्यांना कोण अभिमान!

मुलीनं दोनदा बजावलं होतं, "बाबा, निदान नंबर तरी आत वळवा. रस्त्यावरचा कुणीही फोटो काढेल."

"काढू दे की. काय करणार? फ्रेम करून भिंतीला लावणार?" तात्या हसले होते.

कुणीतरी काढला. मग शाळेतून निवृत्त झालेल्या एका बाईंना फोन गेला. "तात्यांच्या दुकानातून बोलतोय. तुमच्या घड्याळाचा काटा अडकत होता ना? झालंय. घरपोच पाठवतो. मोबाईलवर एक आकडा येईल, तेवढा सांगा." घड्याळ बाईंच्या गेलेल्या यजमानांचं. त्यांनी लगेच आकडा सांगितला आणि संध्याकाळपर्यंत बँकेतली जन्माची पुंजी साफ झाली.

"तुमचं नाव घेतलं हो, म्हणून सांगितला," एवढंच बाई दुकानात येऊन म्हणाल्या. त्यांनी चार शिव्या हासडल्या असत्या तरी चाललं असतं. तात्यांना मेल्याहून मेल्यासारखं झालं.

त्याच दिवशी त्यांनी सगळ्या चिठ्ठ्या काढल्या. नावं-नंबर वहीत उतरवून वही कुलपात टाकली आणि घड्याळांना नुसते क्रमांक बांधले. मग एकेकाला फोन लावायला बसले, तर ही तऱ्हा.

"लोकांचं बरोबरच आहे, बाबा," मुलगी म्हणाली. "तुम्हीच बोलताय हे कशावरून?"

तात्यांनी वही पुन्हा कुलपात टाकली आणि बाईंचं घड्याळ दुरुस्तीला घेतलं.

चौथ्या दिवशी बाईंचं घड्याळ खरंच तयार झालं. कळवायला तात्यांनी फोन उचलला आणि खाली ठेवला. घड्याळ रुमालात गुंडाळून ते स्वतःच निघाले. तीन जिने चढताना चांगलीच धाप लागली.

"कोण आहे?" बाईंनी आतून विचारलं.

"मी तात्या. घड्याळ आणलंय."

"मी तर काही मागवलं नव्हतं."

"नाही मागवलं. मीच आलोय."

दार चार बोटं उघडलं आणि आतली साखळी ताणली गेली. फटीतून बाईंनी त्यांना खालून वर न्याहाळलं. ओळख पटली, तशी त्या ओशाळल्या. त्यांचा हात साखळीकडे गेला आणि तिथेच अडला. "तात्या, तसं नाही हो, पण..."

"राहू द्या, बाई. साखळी काढू नका," तात्या म्हणाले. "माझ्यासाठी तर मुळीच नको."

त्यांनी घड्याळ फटीतून आत दिलं. बाईंनी ते कानाला लावलं, डोळे मिटले. "चालतंय," म्हणाल्या. मग दार लागलं.

आतून कडी सरकल्याचा आवाज येईपर्यंत तात्या तिथेच थांबले. तो आल्यावर जिना उतरू लागले.