गोगलगायींची पंगत

वीब्केला स्वयंपाकाची हौस कधीच नव्हती. आई होती तोवर तिनं कांदासुद्धा धड चिरला नव्हता. पण फेब्रुवारीत आई गेली, आणि पाठोपाठ पप्पाच्या हृदयानं कुरकुर सुरू केली. डॉक्टरनं फर्मान काढलं : मीठ बंद, खारवलेले मासे बंद, भाज्या उकडून खायच्या, आणि हाडांसाठी रोज कॅल्शियमची गोळी. तेव्हापासून ही बाई दर शनिवारी ब्रेमेनच्या आपल्या घरात कंबर कसून शेगडीपुढं उभी राहायला लागली.

झुकिनी, नवलकोल, पालक, मटार. सगळं मऊ उकडलेलं, मिठाचा कण नाही. गाजरं तेवढी ती आईच्या नागमोडी पात्याच्या सुरीनं कापायची, म्हणजे चकत्यांच्या कडा लाटांसारख्या यायच्या. तेवढाच काय तो थाट. मग डबे भरायचे आणि रविवारी सकाळी गाडी काढून तासाभरात ब्रेमरहाफेनला पप्पाच्या दारात हजर.

पप्पा म्हणजे हार्म टिट्येन. सगळी हयात मासळी बंदरात खारवलेल्या हेरिंग माशांच्या पिंपांशी झटण्यात गेली. मीठ त्याच्या हातांच्या भेगांत मुरलेलं. न्याहारीला खारा हेरिंग आणि कच्चा कांदा नसेल तर दिवस उगवलाच नाही म्हणणारा माणूस! त्याच्यापुढं आता ही फिकुटलेली झुकिनी.

"वीब्के, ही शिजवलीस की नुसती आंघोळ घातलीस हिला?"

"पप्पा, नखरे नकोत. डॉक्टरनं काय सांगितलंय?"

"खातो की. घरात हवालदार आल्यावर न खाऊन सांगतो कुणाला!"

टेबलावर म्हाताऱ्यानं दोन ताटं मांडलेली असायची. दर रविवारी, न चुकता. सुऱ्या-काटेसुद्धा दोन जोड. वीब्केनं पहिल्यांदा पाहिलं तेव्हा ती मनाशी म्हणाली, बिचारा अजून आईचं ताट मांडतो! तिनं ते दुसरं ताट उचलून कपाटात ठेवून दिलं. हार्म बघत राहिला. त्यानं तोंड उघडलं होतं, पण मग नुसताच घसा खाकरला.

"दोन घास खाऊन जा ना," तो दारापाशी म्हणायचा.

"कसं जमेल रे? धुण्याचा डोंगर पडलाय घरी. उद्या पहाटेची पाळी आहे. आणि माझ्या वाटणीचं खाल्लं तर तुला बुधवारपर्यंत तरी पुरेल का?" असं म्हणत ती मागच्या आठवड्याचे रिकामे, लख्ख धुतलेले डबे पिशवीत भरायची आणि पळायची. गाडीत बसलं की तिला फार बरं वाटायचं. आपण आपल्या बापाचं करतोय, अगदी व्यवस्थित करतोय, असं वाटायचं. खोटं कशाला बोला, तिला स्वतःचा थोडा अभिमानच वाटायचा.

स्वयंपाकघराच्या खिडकीशी हार्मची काचेची टाकी होती. चाळीसएक वर्षं त्यात मासे पोहत होते. आईच्या आजारपणात कुणाचं लक्ष राहिलं नाही, मासे एकेक करून गेले, आणि उरल्या त्या तांबूस, चपट्या, वेटोळ्याच्या गोगलगायी. चिवट जात! पूर्वी हार्म त्यांना मोजून खायला द्यायचा. पालकाचं पान उकळत्या पाण्यातून काढून, झुकिनीची पातळ चकती, कवच मजबूत राहावं म्हणून अंड्याच्या टरफलाचा चुरा. उरलेलं दुसऱ्या दिवशी चिमट्यानं बाहेर, नाहीतर पाणी नासतं. लहानपणी वीब्के लाडानं चोरून मूठभर जास्त टाकायची आणि दरवेळी पकडली जायची.

"तुला कसं कळतं पप्पा?"

"मला काय कळतंय! ह्याच चुगली करतात. गोगलगायी वाढल्या की समजावं, कुणाचा तरी हात सैल सुटलाय."

उन्हाळा आला तसा हार्म वाळत चालला. सदऱ्याच्या कॉलरमध्ये मान हलायला लागली, पट्ट्याला नवं भोक पडलं. डॉक्टर म्हणाला, हृदयाचं असंच असतं. वीब्केनं डब्यात मटार वाढवले.

जुलैतल्या एका रविवारी हार्म खाली टपाल आणायला गेला आणि ती सहज टाकीपाशी उभी राहिली. बघते तर काय, काच दिसेना! जिकडंतिकडं गोगलगायी. बोटाच्या पेराएवढ्या, मिरीएवढ्या, आणि कोपऱ्याकोपऱ्यात अंड्यांचे चिकट ठिपके. आणि कवचं अशी तुकतुकीत की नुकतं तेल लावून बसल्यात जणू.

हार्म धापा टाकत वर आला.

"काय तकाकी आलीय रे यांना! काय घालतोस काय?"

"खाणं चांगलं आहे," तो म्हणाला आणि खिडकीबाहेर बघायला लागला.

मग तिला ते दिसलं. टाकीतल्या लाकडाच्या मुळामागं गाजराची एक चकती पडली होती. तिची कड लाटेसारखी होती. शेजारी अर्धी विरघळलेली पांढरी गोळी. बिनमिठाचं, उकडलेलं, मऊ. वर हाडांची गोळी. महिनोन्महिने तिनं शनिवार घालवून जो स्वयंपाक केला, तो या किड्यांना अगदी मानवला होता.

"पप्पा! माझे डबे तू यांना घालतोस?"

"सगळं नाही गं."

"मग काय खातोस तू?"

"कॉफी पितो. पाव खातो कधी."

"अरे मरशील ना!" ती ओरडली. "मी तिथं मर मर मरते, एवढ्या लांब गाडी हाकत येते, आणि तू गोगलगायींची धन करतोस? लाज नाही वाटत?"

हार्म खुर्चीत बसला. बराच वेळ टेबलावरच्या मेणकापडाची सुरकुती अंगठ्यानं सारखी करत राहिला.

"अन्न टाकवत नाही मला, तुला माहितेय. आणि घास उतरत नाही. टेबलाशी बसलं की समोर भिंत. इथं नुसतं झाकण उघडलं की सगळ्या लगबगीनं निघतात बघ, त्यांच्या मानानं लगबगच ती. मी म्हणतो, या, बसा. पंगत बसते. कुणी जेवताना बघायला बरं वाटतं गं."

"झालं तुझं नाटक?" वीब्के म्हणाली. तिचा आवाज कापत होता, पण तो रागानं, असं तिला वाटलं. "तू खायचंस. कळलं? मला फसवायचं नाही. मी टाकी बघणार आता दर रविवारी. गोगलगायी कमी झाल्या पाहिजेत."

"होतील," हार्म म्हणाला. "खाणं कमी पडलं की होतातच कमी."

आणि खरोखर कमी झाल्या. ऑगस्टमध्ये काचेतून पलीकडचं दिसायला लागलं. सप्टेंबरात तर मोजता येतील एवढ्याच राहिल्या. वीब्के दारातून शिरली की कोट न काढता आधी टाकीकडं जायची, वाकून बघायची आणि म्हणायची, "शाबास पप्पा!" पट्ट्याला आणखी एक भोक पडलं होतं. पण गाजराची चकती कुठं सापडत नव्हती, डबे लख्ख परत येत होते, आणि म्हाताऱ्याचं हृदय तर काय, आधीपासूनच दुबळं. तिनं त्याच्या तोंडाकडं नीट बघितलंच नाही. टाकी बघितल्यावर बघायची गरजच काय, असं तिला वाटलं असावं.

दोन ताटं तेवढी टेबलावर असायचीच. ती एक उचलून ठेवायची.

नोव्हेंबरात, समुद्रावरून बोचरा वारा सुटलेला असताना, हार्म जिन्यात बसला तो उठलाच नाही. हॉस्पिटलात नेईपर्यंत सगळं आटोपलं होतं. तिथली डॉक्टरीण वीब्केला बाजूला घेऊन म्हणाली, "यांच्या अंगात काहीच उरलं नव्हतं हो. जेवत नव्हते का?"

"जेवत होते," वीब्के ठामपणे म्हणाली. "मी स्वतः डबे देत होते."

दफनानंतर सगळी मंडळी रीतीप्रमाणं चर्चच्या सभागृहात कॉफीला जमली. लांब टेबलं, लोणी-साखरेचा केक, पावावर हॅम आणि चीज. बंदरातले जुने दोस्त, आईच्या मैत्रिणी. हळूहळू बोलणी वाढली, कुणीतरी हार्मचा जुना किस्सा सांगितला, हशा पिकला. वर्षभरात हार्मच्या नावानं एवढी माणसं एका टेबलाशी पहिल्यांदाच जेवत होती, आणि तोच नव्हता.

शेजारच्या जिन्यातल्या फ्राऊ ओकेन वीब्केजवळ येऊन बसल्या. त्यांनी तिचा हात हातात घेतला.

"गुणाची पोर आहेस. मी किती वेळा म्हटलं त्यांना, हार्म, रविवारी एकटे कशाला, माझ्याकडं या जेवायला. तर मान ताठ करून म्हणायचे, छे, रविवारी नाही जमायचं. रविवारी आमची वीब्के येते, आम्ही दोघं जेवतो."

वीब्केच्या हातातला केक बशीत पडला.

"दोन ताटं मांडायचे ना? मला म्हणायचे, ती यायच्या आत मांडून ठेवतो, नाहीतर पळते." फ्राऊ ओकेन डोळे पुसत हसल्या. "तेवढाच एक वार होता बघ त्यांचा."

ती तिथून उठली ती सरळ बापाच्या घरी आली. दुपारचा करडा उजेड होता. स्वयंपाकघर स्वच्छ. टाकीत पाच-सहा गोगलगायी तळाशी पडलेल्या. एक तिनं तळहातावर घेतली. कवचाचं आतलं वेटोळं अजून तुकतुकीत होतं, पण त्यापुढं वाढलेली कड पांढुरकी, कागदासारखी पातळ, नखानं तुटेल अशी. जुलैपासून यांच्याही पोटात काही गेलं नव्हतं. तिची खात्री पटावी म्हणून म्हाताऱ्यानं त्यांनाही उपाशी ठेवलं होतं.

मग अन्न गेलं कुठं? टाकणारा तर तो नव्हता.

तिनं फ्रीझर उघडला. वरपासून खालपर्यंत पावाच्या जुन्या पिशव्या गच्च भरून, तोंडाला कपड्यांचे चिमटे लावून, एकावर एक रचून ठेवलेल्या. गोठलेला पालक, गोठलेले मटार, आणि प्रत्येक पिशवीतून डोकावणाऱ्या लाटेच्या कडांच्या चकत्या. वीब्के फ्रीझरपुढं फरशीवर बसली आणि पप्पा, पप्पा करत मोठ्यानं रडली. तिचं रडणं ऐकायला घरात कुणी नव्हतं.

नंतर तिनं एक पिशवी काढून पातेल्यात गरम केली. कपाटातून दुसरं ताट काढलं, दोन्ही ताटं मांडली, दोन्हीत वाढलं. गाजराची एक चकती गार करून टाकीत सोडली आणि झाकण उघडंच ठेवलं. तळाच्या गोगलगायींची शिंगं हळूच बाहेर आली.

"या, बसा," ती म्हणाली.

मग तिनं पहिला घास तोंडात घातला. एवढे महिने शिजवलं, पण स्वतःच्या हातचं हे अन्न तिनं एकदाही चाखलं नव्हतं. ओल्या कापडासारखी चव. तो घास तोंडात फिरत राहिला, काही केल्या उतरेना. समोर भिंत होती. समोरच्या ताटातली वाफ आधी विरळ झाली, मग दिसेनाशी झाली. वीब्केनं आपलं ताट शेवटच्या मटारापर्यंत संपवलं आणि तशीच बसून राहिली. आज तिला कुठंच जायची घाई नव्हती.