हाराच्या फोटोतले डोळे

अकोल्याच्या बोर्ड पेंटरची लेक सितारा. तिच्या मुंबईच्या वर्षांचा हिशेब मांडला तर जमेला एकच गुण निघे: तिची पापणी लवत नसे. भुतांच्या सिनेमांत ती चुडैल व्हायची, चेहरा स्वतःच रंगवायची, आणि प्रेत होऊन पडली की "कट" येईपर्यंत डोळे टक्क उघडे. हिरॉइनी आल्या-गेल्या, पोस्टरवर सिताराचे डोळे राहिले. नाव छापायला मात्र कोणाला जागा सापडली नाही. आता कॉलेजची पोरं त्या सिनेमांच्या सीड्या घेऊन येत, तिच्यासोबत फोटो काढत आणि तिचाच चहा पिऊन जात.

पोट भरायचं ते रंगावर. मुंबई सुटल्यावर अमरावतीत जानरावांच्या फोटो स्टुडिओत ती मेलेल्यांचे डोळे उघडी. गावाकडं कित्येकांचा पहिला फोटो तिरडीवरच निघायचा. त्यावरून चित्र करायचं, मिटलेले डोळे उघडे रंगवायचे, मग घरच्यांनी हार घालायचा. कापसानं दगा दिलेल्या त्या वर्षांत हे काम फार वाढलं होतं.

भातकुलीकडची आशाबाई नवऱ्याचं असंच चित्र परत घेऊन आली. सोबत लहानगी पौर्णिमा, आईच्या पदरात तोंड खुपसलेली.

"आपा, हे पोरगी फोटोखाली थांबत नाही. बापाले भेते. बापाले भेणारी पोर म्या मोठी कशी करू?"

जानराव गुरकावले, "फोटोत काय खराब हाय? डोये तं पुरे उघडले!"

"तेच तं. नुसते उघडलेच हायेत."

सितारानं चित्र उजेडात धरलं. माणूस कुठंच पाहत नव्हता. तिच्या हाताला जे डोळे ठाऊक होते तेच उतरले होते: तिचे स्वतःचे, प्रेत होऊन पडलेले. किती घरांच्या भिंतींवर आपण तेच टांगले असतील?

"कसे पाहायचे तुमचे मालक?"

"माह्याकडं? फुरसत कुठं होती त्याईले!" आशाबाई थांबली. मग सिताराला निरखू लागली. "लग्नाच्या साली जत्रेत तुमचाच सिनेमा लागला होता. तुमी विहिरीतून निंगता, तो. एवढा मोठा गडी, पर माह्या मांगं लपला. बोटाच्या फटीतून पाहे अन् हासे."

"तसं करून दाखवा."

"काहीतरीच, आपा! लाज वाटते मले."

सितारानं केस सोडले. मान मोडल्यासारखी वाकवली आणि ती जुनी चुडैल आशाबाईकडे सरकली. आशाबाईचे हात आपसूक तोंडावर गेले. फटीतून डोळे बारीक झाले, कोपरे दबले, हसू फुटलं. मग त्याच बोटांमधून पाणी वाहू लागलं. तोवर सिताराचा कुंचला चालू झाला होता.

जानरावांना राहवलं नाही. "हाराच्या फोटोत माणूस हासते काय वो? लोक काय म्हनतीन?"

"लोकांना तुम्ही दुसरा काढून द्या, भाऊ."

रंग वाळत आला तशी पौर्णिमा पदराबाहेर आली. "बाबा कोनाले भेऊन राह्यले?"

"या आजीले," आशाबाई म्हणाली.

पोरीनं एकदा चित्राकडं पाहिलं, एकदा सिताराकडं. मग बापाच्या पुढ्यात जाऊन, राखण करावी तशी, हात पसरून उभी राहिली आणि आजीवर डोळे वटारले.

सिताराची पापणी आधी लवली.