खंडेनवमीला मांडलेला फुटबॉल

मी एक जुना, हाताने शिवलेला चामडी फुटबॉल आहे, आणि मित्रांनो, स्वभावाने पक्का संशयी आहे. जन्मभर लाथा खाणाऱ्याने भरवसा ठेवायचा तरी कुणावर?

माझा जन्म आयर्लंडचा. तिथला गेलिक फुटबॉल पायाने खेळतात तसा हातानेही खेळतात. टियर्नी नावाच्या प्रशिक्षकांनी मला बॅगेत कोंबून अमेरिकेत, एडिसनला आणलं आणि शेजारच्या श्रीरंग ओगलेच्या हाती दिलं. हे वरणभात खाणारं पोर काय खेळणार, अशी मला शंकाच होती. पण पळता पळता तो मला पायाने उडवून असा अलगद झेली, की समोरच्यांना मी दिसतही नसे. त्याच्यासारखा खेळाडू मी पुन्हा पाहिला नाही.

एकोणीस वर्षांचा असताना एकदा तो सरावाहून येऊन झोपला आणि झोपेतच त्याचं हृदय थांबलं. त्याच्या आईने, सरलाकाकूंनी, मला कपाटात कोंडलं. "ह्या खेळानेच माझं पोर नेलं," असं त्या म्हणत. मला फार वाईट वाटे.

१९८३च्या खंडेनवमीला त्यांनी मला बाहेर काढलं. पाटावर विळी, सुरी आणि श्रीरंगच्या वडिलांचा, डॉक्टरकाकांचा, स्टेथोस्कोप मांडला होता. सुरी पाहून माझी पाचावर धारण बसली. आता मला फाडणार! पण काकूंनी मला तिच्याशेजारी ठेवून कुंकू लावलं.

"त्याचं हत्यार हेच होतं," त्या डॉक्टरकाकांना म्हणाल्या.

तेवढ्यात टियर्नी आले. दुसऱ्या दिवशी श्रीरंगच्या आठवणीत सामना होता आणि त्यांना मी हवा होतो. काकूंनी त्यांना संशयाने न्याहाळलं. टियर्नींचं लक्ष मात्र सुरीकडे आणि माझ्यावरच्या लाल ठिपक्यांकडे.

"मिसेस ओगले, इज दॅट ब्लड?"

"नो, नो! कुंकू. टुडे वी वर्शिप अवर टूल्स."

टियर्नींनी टोपी काढली. "देन आय कान्ट टेक इट," म्हणाले आणि निघून गेले.

काकू पाटासमोर बसून राहिल्या. पुजलेलं हत्यार दसऱ्याला कामाला लावायचं असतं, हे त्यांना कुणी सांगायला नको होतं. सकाळी त्यांनी मला उचललं. आता पुन्हा कपाट, मी मनात म्हटलं. पण त्या गाडीत बसल्या, थेट मैदानावर गेल्या.

"यूज इट," त्या टियर्नींना म्हणाल्या. "किक इट हार्ड."

पहिली लाथ बसली तेव्हा काकूंनी पदर तोंडाशी धरला, पण नजर हटवली नाही.

मित्रांनो, गेलेल्या माणसाच्या वस्तू जपा, पण कोंडू नका. मला खुशाल लाथ मारा. फक्त मारताना श्रीरंगचं नाव घ्या.