चोळीबांगडीची दोन एकर

श्रावणी सोमवारी महानंदाचं मौन असे. सकाळी सिद्धेश्वराचं दर्शन घेतलं की संध्याकाळी उपास सोडेपर्यंत तोंडातून शब्द काढायचा नाही, हा नेम तिनं अकरा वर्षं पाळला होता. दस्तलेखक वेणीमाधवकाकांची त्याला काही हरकत नव्हती. नोंदणी कार्यालयासमोरच्या त्यांच्या गाळ्यात माणसं दस्त करून घ्यायला येत. काका बोलत आणि महानंदा टाईप करी. "आमच्याकडं बोलायला मी, लिहायला ह्या," असं ते गिऱ्हाइकांना हसून सांगत.

त्या सोमवारी जवळच्या गावचा प्रभु आला तो आपल्या थोरल्या चुलतीला घेऊन. राजाबाई पंचाहत्तरीची, काटक, उन्हानं रापलेली. तिला त्यानं बाकावर बसवलं, हातात चहाचा कप दिला आणि काकांसमोर खुर्ची ओढली.

"हक्कसोड करायचंय काका. बार्शी रोडची दोन एकर. प्लॉटिंगवाला तयार आहे, पण त्याचा वकील अडून बसलाय. सातबाऱ्यावर इतर हक्कात थोरल्या आईचं नाव दिसतंय म्हणतो. ते निघाल्याशिवाय पुढं सरकत नाही."

"कसलं नाव?"

"हयातीपर्यंत वहिवाट. आज्ज्यानं लिहून दिलेलं. हा बघा मूळ कागद. आम्ही जपून ठेवलाय. तिची मालकी नाही, हे ह्यातच लिवलंय की."

काकांनी कागद वाचला, मान हलवली आणि महानंदाकडं सरकवला. "नावं ह्यातनं घ्या. बाकी नेहमीचंच."

नेहमीचं म्हणजे संगणकात तयार असलेला मसुदा. नाव, वय, गट नंबर तेवढा बदलायचा; पुढचा मजकूर जागचा हलत नसे. 'सदर मिळकतीवरील आमचा हक्क आम्ही राजीखुशीने, प्रेमापोटी व विनामोबदला कायमचा सोडून देत आहोत. चोळीबांगडीचा मान चालू राहावा एवढीच आमची इच्छा आहे.' बावीस वर्षांत किती बहिणींची, किती विधवांची नावं महानंदानं त्या रिकाम्या जागांत भरली होती, तिलाच ठाऊक नव्हतं. त्यांत एक नाव तिचं स्वतःचं होतं. भावानं त्या दिवशी पेढे आणले होते. तिनं आपला दस्त आपणच टाईप केला, काना-मात्रा तपासल्या आणि सही करून पेढा खाल्ला.

तिनं जुना कागद पुढ्यात घेतला. सन अडुसष्टचा, नोंदणीचा शिक्का असलेला. 'माझा मयत मुलगा गुरुलिंग याची विधवा राजाबाई हिचा आमच्या घरावर अन्नवस्त्राचा हक्क आहे. त्या हक्कापोटी व चोळीबांगडीसाठी सदर दोन एकर जमीन तिच्या ताब्यात देत आहे. तिने हयातीपर्यंत वहिवाट करावी. गहाण, दान, विक्री करू नये.'

महानंदाची बोटं थांबली. तिनं ते वाक्य पुन्हा वाचलं.

तीन वर्षांपूर्वी शेजारच्या गाळ्यातल्या वकीलबाईंनी तिच्याकडून एका अपिलाचे कागद टाईप करून घेतले होते. चाळीस पानं. तिथं हेच होतं. विधवेला अन्नवस्त्राच्या हक्कापोटी जमीन मिळाली असेल, तर छप्पन सालच्या वारसा कायद्यानं ती तिच्या पूर्ण मालकीची. दस्तात खाली 'हयातीपर्यंत' लिहिलेलं असलं तरी.

"घाल की गं बाय माजं नाव," राजाबाई बाकावरून म्हणाली. "जाताना दोनची यष्टी गाठायचीया. शेरडं बांदून आलीया."

"ह्या आज बोलत नाहीत हो," काका म्हणाले. "मौन आहे."

"बरं हाय की. आमाला तर जन्माचंच हाय."

ती सहज म्हणून गेली आणि चहा फुंकायला लागली. महानंदाच्या कानशिलात मात्र काहीतरी तडकलं. देवाला धरलेलं आपलं मौन ह्या गाळ्यात दर सोमवारी कुणाच्या कामाला येत होतं? तिनं मनात सिद्धेश्वराला हात जोडले आणि तोंड उघडलं.

"प्रभु, ह्यांची मालकी नाही म्हणता ना? मग ह्यांची सही कशाला पाहिजे?"

काकांचा चष्मा नाकावर घसरला. प्रभुनं दचकून वळून पाहिलं.

"जे नाहीच, ते सोडून कसं देतात?" तिचा आवाज नेहमीसारखा हळूच होता, पण त्याला धार आली होती. "आजी, हा कागद तुमच्यावरच्या उपकाराचा नाही, हक्काचा आहे. तुमच्या सासऱ्यांनी स्वतःच लिहिलंय. ही जमीन कायद्यानं तुमची आहे. पूर्ण. विका, ठेवा, कुणाच्या नावानं मृत्युपत्र करा."

"ओ बाई, तुम्ही टायपिंग करा," प्रभु उठला. "काका, हे काय चाललंय? खाली हयातीपर्यंत लिवलंय का नाही?"

"लिहिलंय. आणि ते टिकत नाही. विचारा काकांना."

प्रभुनं काकांकडं पाहिलं. काका टेबलावरची टाचणी इकडून तिकडं करत राहिले.

महानंदाला तेवढ्यानंच समजलं. "काका, तुम्हाला माहीत होतं."

"कुणी विचारलं नाही," काका पुटपुटले. "आपण दस्त लिहिणारे. जो येईल त्याचा दस्त लिहायचा."

"येणारा कायम पुतण्या नाहीतर भाऊ असतो! बाई बाकावर बसलेली असते!" आता आवाज चढला होता आणि तो खाली आणावा असं तिला वाटेना. "तिचा हक्क सुटतो आणि आपण वर लिहितो, प्रेमापोटी! कुणाचं प्रेम? मी लिहिलंय ते, माझ्या ह्या हातांनी. शब्दसुद्धा त्यांचेच. मयताची विधवा. चोळीबांगडी. जणू बाईला अंग झाकायला चिंधी आणि हातात काच मिळाली की संपलं!"

"थोरल्या आई, चल," प्रभु म्हणाला. "दुसरीकडं करू. आणि हे बघ, भलत्याचं ऐकून आडवी गेलीस तर दिवाळीचं लुगडं विसर. आमच्या दारात पाय ठेवायचा नाही."

राजाबाईनं कप खाली ठेवला.

"लुगडं?" ती म्हणाली. "कुटलं लुगडं रं? तुजा बाप दरसाल माज्या रानातली निम्मी जवारी न्ह्यायचा. त्याच्या मागं तू नेतूस. माजीच जवारी इकून मला लुगडं आणता, आन् गावभर सांगता, रांडमुंडीला पोसतो! छप्पन वर्सं मी तुमच्या पाया पडून ते नेसले. आन् आज मोटारीत बसवून आणलंस, तवाच मला कळाया पायजे हुतं. आजवर कवा बसवलं न्हाईस."

"आई, माणसं बघत्यात."

"बघू दे की! लई दिस कुणी बघितलं न्हाय."

प्रभुनं कागदाकडं हात टाकला. राजाबाईचा हात आधी पडला. तिनं कागदाची घडी केली आणि कमरेच्या पिशवीत कोंबली. प्रभुनं काकांना एक शिवी हासडली आणि तो तरातरा गेला. बाहेर गाडी सुरू झाली, निघून गेली.

"झालं समाधान?" काका महानंदाला म्हणाले. "उद्यापासून इथं कोण येणार?"

तिचा राग अजून उतरला नव्हता. थोडा काकांवर, बराचसा स्वतःवर. राजाबाई उठून टेबलाशी आली.

"पोरी, तलाठ्याकडं द्याया काय कागद लागतो, त्यो लिव. माजं नाव नीट घालाया सांग. आन् त्या वकीलबाई कुटं बसत्यात त्ये दाव."

"शेजारीच बसतात. आधी अर्ज करू, मग जाऊ. पण आजी, प्रभु गप्प बसायचा नाही. कोर्टात जाईल."

"जाऊ दे. मला काय काम हाय दुसरं?"

महानंदानं तयार मसुदा बंद केला आणि कोरं पान उघडलं. अर्जदाराचं नाव लिहिलं, वय लिहिलं. पुढं धंद्याचा रकाना. बायकांच्या नावापुढं हात सवयीनं 'घरकाम' लिहीत असे. दोन अक्षरं पडली, तिनं ती पुसली.

"आजी, धंदा काय लिहू?"

राजाबाईनं तिच्याकडं असं पाहिलं की जणू हिला डोळे नाहीत.

"शेती," ती म्हणाली. "आनि काय करते मी?"