कर्त्याचे दोन प्रत्यय

“विचारा त्याला, पुलाचा दोर कुणी सोडला?” न्यायाधीशांनी कागदावरून मान न उचलता सांगितलं.

तिवोरानं प्रश्न डोंगरी बोलीत फिरवला. समोर बाकावर लुशेर बसला होता. चाळिशीचा, दोरपुलाचा राखणदार, पायात बेडी. महिन्यापूर्वी वादळात त्याचा पूल कलंडला आणि खोऱ्यातून आलेला एक मोजणीदार नदीत गेला.

“लुशेरुत,” तो म्हणाला. एवढा एकच शब्द.

डोंगरात शपथेवर बोलताना कुणी ‘मी’ म्हणत नाही. आपलं नाव घेतो आणि त्याला प्रत्यय लावतो. जाणूनबुजून केलं असेल तर ‘एन’. मनात नसताना हातून घडलं असेल तर ‘उत’. कर्त्याच्या या दोन विभक्त्या तिथली पोरं चालायला लागायच्या वयात शिकतात. खोऱ्याच्या भाषेत कर्त्याला एकच विभक्ती होती. दूध सांडणारा आणि दूध ओतून देणारा, दोघांनाही तिथं एकच प्रत्यय पुरायचा.

तिवोराची आई डोंगरातली, बाप खोऱ्यातला. एकतीस वर्षं ती कोर्टात दुभाष्याच्या खुर्चीवर बसत होती. पहिल्याच दिवशी तिच्याकडून नियम वदवून घेतला होता : शब्दाला शब्द, पदरचं काही नाही. त्यामुळे समोरचा ‘एन’ म्हणो की ‘उत’, ती सांगायची, “यानं केलं.” त्यापुढे बोलणं म्हणजे आरोपीची वकिली, आणि वकिली केली की खुर्ची गेली. सुरुवातीची काही वर्षं तिला झोप लागत नसे. मग लागू लागली.

गेल्या हिवाळ्यात बाजारात एका म्हाताऱ्यानं तिला हटकलं. मिठानं त्याच्या पायांची बोटं खाऊन टाकली होती.

“वळखलं न्हाई व्हय बाई? मी आबेश. वाड्याला आग लागून मेंढ्या जळाल्या, त्या खटल्यातला. बारा वर्षं मिठाच्या खाणीत काढली.” मग हसून म्हणाला, “तुमचे लई उपकार. माझं बोलणं तुम्ही नीट पोचवलं. त्यांनीच मनावर घेतलं न्हाई, त्याला तुम्ही काय करनार?”

त्यानं भाजलेला एक गरम कंद तिच्या हातावर ठेवला. तिला तो खाता येईना आणि टाकताही येईना. आबेशनं तेव्हा ‘आबेशुत’ म्हटलं होतं.

“बाई?” न्यायाधीशांनी आता मान वर केली. “काय म्हणाला तो?”

तिवोरा उभी राहिली. दुभाष्यानं उभं राहायचं नसतं.

“दोर यानं सोडला, साहेब. पण सोडायचं याच्या मनात नव्हतं.”

सरकारी वकील ताडकन उठला. “एका शब्दाचा एवढा पसारा? साहेब, बाई पदरचं घालतायत!”

“पदरचं नाही. त्याच्या शब्दाच्या शेपटाला आहे ते.” आणि तिनं दोन्ही प्रत्यय सांगितले, लहान मुलाला सांगावेत तसे, दोन-दोनदा.

न्यायाधीशांनी लुशेरला तळवे दाखवायला लावले. धरलेला दोर घसरत गेल्यानं दोन्ही तळव्यांवर बोटभर रुंदीची सालटी निघाली होती आणि खाली नवी गुलाबी कातडी धरत होती. न्यायाधीशांनी हातातला कागद बाजूला ठेवला.

“हे प्रत्यय अलीकडे निघालेत का?”

“नाही साहेब. माझ्या आजीच्या आजीच्या तोंडीही होते.”

“मग एकतीस वर्षं तुम्ही आम्हाला काय सांगत होता?”

हा प्रश्न येणार हे तिला ठाऊक होतं. याच्याच धाकानं ती इतकी वर्षं बसून राहिली होती.

“अर्धंच सांगत होते. ज्यांचं अर्धं सांगितलं त्यांची नावं देते. लिहून घ्या.”

तिनं आबेशपासून सुरुवात केली. कारकून लिहीत गेला. एका नावापाशी तो थबकला. ते माणूस खाणीतच मेलं होतं, हे त्यालाही माहीत होतं. तिवोरा थांबली नाही. बाहेर दुपारची घंटा झाली तरी कुणी जेवायला उठलं नाही.

नावं संपल्यावर न्यायाधीश हळू आवाजात म्हणाले, “बाई, नियम आमचा होता. तुम्ही तो पाळलात, असंही लिहिता येईल. विचार करून सांगा. हे कुणी केलं?”

सुटायचं दार उघडं होतं. तिनं ते पाहिलंही.

“तिवोरेन,” ती म्हणाली.

आता अर्थ सांगायला दुभाष्याची गरज नव्हती. कारकुनानं तो शब्द होता तसाच कागदावर उतरवला. त्याच्या हयातीत कोर्टाच्या दप्तरात गेलेला डोंगरी बोलीतला तो पहिला शब्द.

लुशेरची खाण टळली. त्याचा खटला नव्यानं चालवायचं ठरलं. नावांची यादी वरच्या कोर्टाकडे गेली. तिवोराला कामावरून काढलं आणि चौकशी होईपर्यंत आरोपींच्या बाजूला बसायला सांगितलं.

ती चालत पलीकडे गेली. बाक आखूड होता. लुशेरनं बेडी हातानं उचलून धरली, आवाज होऊ नये म्हणून, आणि सरकून तिला जागा करून दिली.